एक गैरसमज मी दूर केला नाही

अमरावतीच्या कचेरीसमोर सतरंजी टाकून मी बावीस वर्षं बसलो, आणि त्याआधी अकोल्याला सहा. माझा धंदा अर्जनवीसाचा. लोक येऊन बोलायचे आणि मी ते सरकारला समजेल अशा भाषेत कागदावर उतरवायचो. 'मी खाली अंगठा करणार' अशी सुरुवात करून हजारो कागद लिहिले, पण त्यातला 'मी' नेहमी दुसराच कोणी तरी असे. आज पहिल्यांदाच तो शब्द स्वतःसाठी वापरतो आहे. हात जरा अवघडला तर वाचकांनी सांभाळून घ्यावं.

माझ्याकडे सगळ्या तऱ्हेचे अर्ज येत. जमिनीचा फेरफार, तगाईचं कर्ज, हरवलेलं जनावर, पळून गेलेली बायको. पण आवारात माझी ओळख होती 'हातपायवाला मुन्शी'. सरकी काढायच्या जिनात किंवा कापसाच्या गाठी बांधायच्या प्रेसमध्ये कोणाचं बोट गेलं, हात गेला, जीव गेला, की कचेरीचे शिपाईसुद्धा त्या माणसाला माझ्या सतरंजीकडे वळवत.

सीपी-बेरारात तेव्हा कापसाचं राज्य होतं. दिवाळीनंतर अकोला-अमरावतीची जिनं सुरू झाली की आसपासच्या खेड्यांतून माणसं, विशेषतः बाया, कामाला येत. कारखान्यात काम करताना मजुराला इजा झाली तर मालकानं भरपाई द्यावी, असा कायदा झालेला होता. कायदा चांगला होता. पण तो इंग्रजीत, मजूर वऱ्हाडी, आणि दोघांच्या मधली सगळी जागा अफवांनी भरलेली. माझा निम्मा दिवस लिहिण्यात जाई आणि निम्मा त्या अफवा उपटण्यात.

अकोल्याला असताना एक जण तंबाखूची डबी घेऊन माझ्यासमोर बसला. डबी उघडली तर आत मिठात घातलेलं त्याचंच बोट. मी सतरंजीवरून मागे सरकलो.

"हे कशाला आणलं?"

"साहेबानं मांगतलं तं? पुरावा पायजे म्हंतात ना जी."

बोट नसलेला हात हाच पुरावा आहे, हे पटवायला मला अर्धा तास लागला. निघताना डबी पुन्हा पिशवीत टाकत तो म्हणाला, "असू द्या. काई भरोसा नाई."

नांदगाव खंडेश्वरचा एक शेतकरी दोन दिवसांची वाट तुडवून आला होता. बैलानं त्याला शिंगावर घेतलं होतं. मी विचारलं, "बैल कोणाचा?" तो म्हणाला, "माहाच." "मग भरपाई कोणाकडून मागायची?" तो म्हणाला, "सरकारकून." त्याला वाटे, रक्त सांडलं की सरकार पैसे देतं. दुसऱ्या एकाला वाटे, जितकं कण्हावं तितकी रक्कम वाढते. करंगळीच्या पेरासाठी त्यानं अख्खा हात खांद्यापर्यंत फडक्यानं बांधून आणला होता. कायद्यात अंगठ्याचं, बोटाचं, डोळ्याचं वेगवेगळं माप ठरलेलं होतं. कण्हण्याला त्यात रकाना नव्हता.

सगळ्यांत वाईट गैरसमज मात्र हसण्यासारखा नव्हता. "चूक माहीच होती," असं म्हणून माणसं घरी बसत. झापड आली, लक्ष गेलं, पाय घसरला. मालक हे बोलतच असे, पण मालकाआधी ती स्वतःच स्वतःला हे सांगत. माणूस दारू पिऊन कामावर नसला, किंवा मुद्दाम हुकूम मोडलेला नसला, तर नुसत्या गाफीलपणानं हक्क जात नाही, हे मी ओरडून सांगायचो. कित्येक जण माझ्यापर्यंत पोचले ते मुदत टळल्यावर. त्यांच्या हाताकडे बघून 'आता काही होत नाही' असं म्हणणं, हे या धंद्यातलं मला कधीच न जमलेलं काम.

या कामात माणसं फार जवळ येतात. यंत्र कसं होतं, रक्त किती आलं, नंतर घरच्यांनी कसं वागवलं, सगळं सांगतात. आणि काम झालं की पुन्हा तोंड दाखवत नाहीत. इतवाऱ्याच्या बाजारात समोरून आला तर माणूस गल्ली बदलतो. पहिली काही वर्षं मला त्याचं वाईट वाटे. मग कळलं, मी दिसलो की त्यांना ती दुपार दिसते.

बाकी माझं कोणी नव्हतं. माझी बायको अकोल्यातच बाळंतपणात गेली, मूलही गेलं. त्यानंतर ते गाव मला नको झालं म्हणून मी अमरावतीला आलो. आमचं मूळ गाव वलगाव, घरी माळवं. दोघे भाऊ वांगी, मेथी, झेंडू काढून शहरात आणत. सणाला गेलो की भावजया वाढत, पुन्हा पाट लावायचं, म्हणजे दुसरं घर करायचं, विचारत, आणि मी उठून मळ्यात जात असे. काही वर्षांनी त्यांनी विचारणं सोडून दिलं. अंबागेटाजवळ एक खोली, दोन वेळा खानावळ, आणि सतरंजी. एवढ्यात माझं सगळं मावत असे.

कौतिकाबाई माझ्याकडे आली ती आपल्या सासऱ्याबरोबर, भातकुलीहून. सासऱ्याचं नाव तुळशीराम. चार-सहा एकर काळी जमीन, आणि पावसाळा सोडला तर हाताला काम नाही. म्हणून त्याचा मुलगा महादेव हंगामात अमरावतीच्या एका प्रेसमध्ये हमाली करी. रुईच्या गाठींची थप्पी कोसळून तो त्याखाली सापडला आणि जागच्या जागी गेला. मागे ही बायको आणि दीड वर्षाची देवकी.

तुळशीराम हात जोडूनच बसला. "आमचं काई होत नाई हे मले ठाऊक हाय मुन्सीजी. पाहुण्यानं लइच लावून धरलं म्हून आलो."

"का होत नाही?"

"एक तं महादेव ठेकेदाराचा मानूस, प्रेसचा नोय. अन् दुसरं, दिवाणजीनं पैसे देल्ले हातावर, अन् कागदावर हिचा आंगठा घेतला. मिटलं म्हने."

प्रेसचा दिवाणजी हुशार होता. तेराव्याच्या आतच घरी जाऊन त्यानं थोडे पैसे आणि एक लुगडं दिलं होतं आणि 'आमची काही तक्रार नाही' असा कागद करून घेतला होता. मी त्यांना समजावलं. मजूर मेला असेल तर भरपाई परस्पर देताच येत नाही, ती भरपाईचे दावे ऐकणाऱ्या साहेबांच्या कचेरीत जमा करावी लागते. आणि हक्क सोडला असा अंगठा हजार वेळा घेतला तरी तो कागद चूल पेटवायच्याच लायकीचा. ठेकेदार मधे असला तरी काम ज्याचं, जबाबदारी त्याची.

तुळशीरामाच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा जीव आला. पण सून तशीच, डोक्यावरचा पदर ओढून बसलेली. मी दौत उघडली तेव्हा ती पहिलं वाक्य बोलली.

"म्हंजे हे माह्या मानसाचा भाव लावून राहिले काय?"

हा प्रश्न मला अनेकांनी विचारला होता आणि त्याचं उत्तर माझ्याकडे तयार असे. ही किंमत नव्हे, मागे राहिलेल्यांच्या पोटाची सोय आहे, वगैरे. मी ते म्हटलं. तिनं पूर्ण ऐकून घेतलं.

"तुमचं कोनी मेलं हाय का जी?"

तुळशीराम तिच्यावर डाफरला. मी म्हणालो, "बायको. आणि लेकरू." त्यावर तिनं उजव्या हाताचा अंगठा पुढे केला. मी त्याला शाई लावली.

अर्जनवीसाला आत बोलायची परवानगी नसे. सुनावणीच्या दिवशी मी दारापाशी उभा राहिलो. प्रेसच्या वकिलांनी तिला विचारलं, "तुझ्या नवऱ्याला मजुरी कोण देत होतं?"

"ठेकेदार देये."

"म्हणजे तो ठेकेदाराचा नोकर होता?"

तिनं वकिलांकडे नीट पाहिलं. "मजुरी ठेकेदार देये, हे खरं हाय. पन ज्या गाठी त्यायच्या आंगावर पडल्या, त्या तं प्रेसच्याच होत्या ना जी?"

साहेबांनी टाक खाली ठेवला. कायद्यात हीच गोष्ट दीड पानभर लिहिलेली आहे, पण इतकी स्वच्छ मी पुन्हा कधी ऐकली नाही. निकाल तिच्या बाजूनं लागला. रक्कम कचेरीत राहील, काही वाटा सासू-सासऱ्यांना, बाकी कौतिका आणि देवकीच्या नावे, त्यातून दर महिन्याला खर्चापुरतं मिळेल आणि उरलेलं मुलीच्या लग्नाला, असा हुकूम झाला.

मला वाटलं, संपलं. आता ही बाईही बाजारात दिसली तर गल्ली बदलेल.

पण पुढच्या महिन्यात ती भातकुलीच्या बैलगाडीतून आली, कचेरीच्या खिडकीवरून महिन्याचे पैसे घेतले आणि सरळ माझ्या सतरंजीच्या कडेला येऊन बसली. गाड्या परतायला तिसरा प्रहर होई. तोवर जायचं कुठं? माझ्या मडक्यातलं पाणी तिनं मागून घेतलं, देवकीला पाजलं, मग स्वतः प्यायली. "तुमचं पानी गोड हाय," म्हणाली. भातकुलीकडे सगळं पाणी खारं. त्यानंतर ती येताना एक तांब्या आणायची आणि जाताना माझ्या मडक्यातून भरून न्यायची.

हे तीन वर्षं चाललं. महिन्यातून एक दिवस, त्यातले चार-पाच तास. फार काही बोलणं होई असं नाही. मी लिहीत असे, ती येणाऱ्या-जाणाऱ्यांचं ऐकत असे. हळूहळू माझं अर्धं काम तीच करू लागली. एकदा वडाळीकडची एक तरणी विधवा माझ्यासमोर बसून तोच प्रश्न विचारू लागली, माणसाच्या किमतीचा. मी तयार उत्तर काढणार तोच कौतिका बोलली. "किंमत नोय वं माय. ज्याच्या कामापाई आपला गडी गेला, त्यानं आपल्या चुलीत सरपन घातलं पायजे, इतकंच. गडी काई परत येत नाई. चूल तं पेटवाच लागते." त्या बाईनं डोळे पुसले आणि अंगठा पुढे केला. तेव्हापासून मीही तेच उत्तर देत आलो. ते माझं नव्हे, हे आज सांगून टाकतो.

माझ्या शेजारी स्टँप विकणारे एक गृहस्थ बसत. एका सकाळी मला म्हणाले, "मुन्सीजी, आज भातकुलीची तारीख हाय वाटते. टोपी धुतली तुमी." मी रागावलो. पण टोपी धुतलेली होती. खानावळवाल्याकडून मी शेंगदाण्याचे लाडूही आणवले होते, देवकीसाठी. घरी परतल्यावर खोलीत दिवा लावताना मला जाणवलं की मी महिन्याचे दिवस मोजतो आहे.

आमच्या आणि तिच्या, दोन्ही जातींत पाट लावायची रीत होती, विधवेनं दुसरं घर करण्यात कमीपणा नव्हता. ती पंचविशीची, मी चाळिशीच्या अलीकडे. अडचण एकच होती, ती माझ्या बाजूची. ही बाई माझ्याकडे अर्ज घेऊन आलेली. तिच्या नावावर सरकारात रक्कम जमा. ती रक्कम किती, हे तिच्याइतकंच मला माहीत, कारण कागद मीच लिहिलेला. उद्या मी तिला विचारलं तर लोक म्हणतील, हातपायवाल्या मुन्शानं कागद लिहिता लिहिता बाईही लिहून घेतली. लोकांचं जाऊ द्या. तिनंच तसं मनात आणलं तर?

तिसऱ्या वर्षीचा फाल्गुन. ऊन चढलं होतं. स्टँपवाले जेवायला गेले होते. देवकी सतरंजीवर झोपली होती. कौतिका माझ्याकडे न बघता म्हणाली,

"एक इचारू का? बाईनं पाट लावला तं हे पैसे बंद होतात म्हंतात. खरं हाय काय?"

"कोण म्हणालं?"

"आमचा बुढा म्हंते. गावात सगळेच म्हंतात."

हा गैरसमज सगळ्या वऱ्हाडात होता. सासरची माणसं तो मुद्दाम जपत. मला त्याचं उत्तर तोंडपाठ होतं. कायद्यात असं कुठंही लिहिलेलं नव्हतं. परिस्थिती बदलली तर वाटणीत फेरफार करायचा अधिकार साहेबांना होता, पण पाट लावला की पैसे बंद, असा नियम नव्हता. मुलीच्या वाट्याला तर हात लागण्याचा प्रश्नच नव्हता. वर्षभरापूर्वीच मी एका बाईला हे सांगितलं होतं, एका दमात, टाक न थांबवता.

पण त्या दुपारी मला वाटलं, 'बंद होत नाहीत' हे माझ्या तोंडून निघालं तर त्याचा एकच अर्थ होईल. मी तिला मागणी घातली, आणि पैशांची खात्री करून घातली. मी टाक दौतीत बुडवला.

"विचारून सांगतो," मी म्हणालो.

तिनं माझ्याकडे पाहिलं. "बरं," म्हणाली. देवकीला उठवलं, तांब्या भरून घेतला आणि गाड्या निघायला अजून बराच वेळ असताना निघून गेली.

पुढच्या महिन्याच्या तारखेला मी उत्तर तयार ठेवलं होतं. रोज खोलीत मोठ्यानं म्हणून पाहत होतो. आधी कायदा सांगायचा, मग थोडं थांबून माझं. ती आली नाही. दुपारी मी खिडकीवर जाऊन विचारलं. बाबू म्हणाले, त्या बाईनं अर्ज दिला, पैसे मनिऑर्डरीनं गावी पाठवायला सांगितले. अर्ज दुसऱ्याच कोणाकडून लिहून घेतला होता. मी तो बघायला मागितला. अंगठा तिचाच होता. मला तो ओळखू येई.

भातकुली काही काशी नव्हे. सकाळी निघालो असतो तर दुपारी पोचलो असतो. मी गेलो नाही. पुढच्या महिन्याला जाऊ म्हटलं, मग हंगाम संपल्यावर, मग पाऊस उघडल्यावर. त्यानंतर जायला कारण सांगणं अवघड होऊन बसलं. त्या तारखेला मी टोपी मात्र धूत राहिलो, किती वर्षं ते लिहीत नाही. मधे लढाई सुरू झाली, कागद महागला, स्टँपवाले वारले, मला चष्मा लागला.

मग एका माघात ती समोर येऊन उभी राहिली. केस पांढरे व्हायला लागलेले, पण उभं राहणं तेच. सोबत देवकी, आईच्या खांद्यापर्यंत आलेली. तुळशीराम गेला होता. तिनं पाट लावला नव्हता. देवकीचं लग्न ठरलं होतं आणि उरलेली रक्कम काढायची होती.

मी अर्ज लिहिला. अंगठा घेतला. देवकी समोर बांगड्यावाल्याकडे गेली तेव्हा मी मान खाली घालूनच बोललो. "तुम्ही एकदा एक विचारलं होतं. पैसे बंद होत नव्हते. मला तेव्हाही ठाऊक होतं."

"मलेही ठाऊक होतं," ती म्हणाली.

मी वर पाहिलं.

"त्याच दिवशी सकाळी मी खिडकीवरच्या बाबूले इचारलं होतं. त्यायनं सांगतलं, काई बंद होत नाई. मंग तुमच्यापाशी आली."

"मग मला कशाला विचारलं?"

"तुमी काय म्हंता, ते आयकाचं होतं."

तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं. मी म्हणालो, "आता सांगू?" मला वाटतं आयुष्यात मी स्वतःसाठी केलेला तो एकमेव अर्ज. ती थोडं हसली. "आता पोरीचं लगन हाय मुन्सीजी. तुमी जेवाले या."

मी गेलो. भातकुलीच्या त्या मांडवात मला ओळखणारं कोणी नव्हतं. पंगतीत माझ्या एका बाजूला नवऱ्याकडचा कोणी मामा बसला होता, दुसऱ्या बाजूची पत्रावळ रिकामी. मामानं चौकशी सुरू केली. नाव, गाव, धंदा. मग विचारलं, "तुमी कोनाकडचे? पोराकडचे का पोरीकडचे?"

मी पत्रावळीची काडी सरळ करू लागलो. कौतिका बुंदीचं घमेलं घेऊन आमच्याच रांगेतून वाढत येत होती. तिनं ऐकलं असावं. माझ्या पानात दोन मुठी बुंदी वाढली आणि त्या मामाला म्हणाली,

"ते माह्याकडचे हायेत."

आणि पुढच्या पानाकडे वळली.